मॅडम, त्या दिवशी तुम्ही थांबलात त्याबद्दल

मॅडम,

सादर नमस्कार.

तुमचं नाव मुद्दाम लिहीत नाही. सहा नंबर बेडवरच्या पेशंटचा भाऊ म्हटलं की तुम्हाला ओळख पटेल. तेराव्या दिवशी ज्यांच्या गळ्याला छिद्र करून तुम्ही नळी घातलीत, त्या माझ्या ताई. आज त्या स्वतःच्या पायांनी चालतात, जिना चढताना मध्ये एकदा थांबतात, आणि बोलतात. त्यासाठी आभार मानावेत तेवढे थोडेच आहेत. पण हे पत्र मी बाराव्या दिवसासाठी लिहितोय. त्या दिवशी तुम्ही काहीच केलं नाहीत, आणि मी सगळ्या वॉर्डसमोर तुमच्यावर आवाज चढवला.

आधीचे दिवस तुम्हाला माझ्यापेक्षा चांगले माहीत आहेत. व्हायरल न्यूमोनिया, एक्स-रेवर दोन्ही फुफ्फुसं पांढरी, पहिल्याच रात्री तोंडातून नळी आणि व्हेंटिलेटर. मग रोज सोळा-सोळा तास पालथं झोपवणं. चौथ्या दिवशी एक्मो, म्हणजे फुफ्फुसाचं काम शरीराबाहेर करणारं यंत्र. मांडीच्या शिरेतून काळपट रक्त बाहेर येतं, पंपातून आणि ऑक्सिजनेटरमधून फिरतं, आणि मानेच्या शिरेतून लालभडक होऊन परत आत जातं. मिनिटाला साडेचार लिटर. त्या दोन नळ्यांच्या रंगातला फरक तुम्ही मला दाखवलात आणि म्हणालात, "सध्या तुमच्या ताईंचं फुफ्फुस हे आहे. त्यांच्या स्वतःच्या फुफ्फुसाला आपण सुट्टी दिली आहे." पुढचे कित्येक दिवस मी मॉनिटरवरचे आकडे सोडून त्या दोन रंगांकडेच बघत बसायचो.

अकराव्या दिवशी तुम्ही भाऊजींना आणि मला आत बोलावलंत आणि ट्रॅकिओस्टॉमीचा, म्हणजे गळ्याला छिद्र करून नळी घालण्याचा, विषय काढलात. एका कोऱ्या कागदावर श्वासनलिका काढलीत, घोड्याच्या नालेसारख्या कुर्च्या एकाखाली एक, आणि दुसऱ्या-तिसऱ्या कुर्चीच्या मध्ये एक टिंब. तोंडातली नळी किती त्रासदायक असते, ती सहन व्हावी म्हणून गुंगीचं औषध किती द्यावं लागतं आणि त्या गुंगीत स्नायू कसे झिजत जातात, हे सांगितलंत. नळी गळ्यातून घातली तर ताईंना जागं करता येईल, तोंड स्वच्छ ठेवता येईल, हातापायांचा व्यायाम सुरू करता येईल. भाऊजींनी विचारलं, "याने ती वाचेल ना?" तिथे तुम्ही हो म्हणू शकला असतात. त्या खोलीतल्या दोन माणसांना तेवढंच ऐकायचं होतं. तुम्ही म्हणालात, तसं वचन देता येणार नाही. २०१३ साली ब्रिटनमधल्या ट्रॅकमॅन चाचणीचे निष्कर्ष प्रसिद्ध झाले. व्हेंटिलेटरवरच्या नऊशेच्या आसपास रुग्णांपैकी काहींची ट्रॅकिओस्टॉमी पहिल्या चार दिवसांत करायची आणि बाकीच्यांची दहा दिवसांनंतर, गरज उरलीच तर करायची, असं ठरवलं होतं. मृत्यूच्या प्रमाणात फरक पडला नाही. आणि ती चाचणी एक्मोच्या रुग्णांसाठी केलेली नव्हतीच, हेही तुम्ही सांगितलंत.

भाऊजींचा हात थरथरत होता, म्हणून संमतीपत्रावर सही मी केली. दुसऱ्या दिवशी सकाळी दहाची वेळ ठरली.

मी सातपासून बाहेर उभा होतो. साडेनऊला तुम्ही आलात आणि म्हणालात, "आज नाही करणार." प्लेटलेट्स, म्हणजे रक्त गोठायला मदत करणाऱ्या पेशी, अडतीस हजारांपर्यंत घसरल्या होत्या आणि मानेच्या नळीच्या टाक्यांपाशी रक्त झिरपत होतं. मी काय काय बोललो ते इथे पुन्हा लिहीत नाही. काल जागं करायचं म्हणता आणि आज हात वर करता, असं काहीतरी म्हणालो. अकरा दिवस मी ताईंचा आवाज ऐकला नव्हता, डोळे उघडलेले बघितले नव्हते. दहा वाजता काहीतरी घडणार म्हणून मी रात्र काढली होती.

तुम्ही चिडला नाहीत. खुर्ची ओढून माझ्यासमोर बसलात आणि वीस मिनिटं दिलीत. त्या दिवशी तुमच्याकडे एक्मोचे आणखी दोन रुग्ण होते, हे मला नंतर कळलं.

त्या वीस मिनिटांत मला एवढं समजलं. एरवी ही नळी घालताना सगळ्यात मोठी भीती असते ती ऑक्सिजन घसरण्याची. तोंडातली नळी वर ओढून घेतलेली असते, गळ्यातली अजून बसलेली नसते, आणि मधला प्रत्येक सेकंद मोजावा लागतो. एक्मोवर ती भीती पुष्कळ कमी होते, कारण ऑक्सिजन यंत्र देत असतं. डॉक्टर शांतपणे काम करू शकतात, सुई आत जाताना व्हेंटिलेटर थोडा वेळ थांबवलाही तरी चालतं. पण तेच यंत्र दुसऱ्या बाजूने वसूल करतं. नळ्यांमध्ये रक्त गोठू नये म्हणून हेपारिन चालू असतं. प्लेटलेट्स यंत्रात खर्च होत जातात. रक्तस्राव थांबवायला लागणाऱ्या व्हॉन विलेब्रँड घटकाच्या लांब साखळ्या पंपाच्या वेगात तुटतात. म्हणजे रिपोर्टवरचा आकडा बरा दिसला तरी रक्त नीट गोठेलच असं नाही. आणि गळ्यातलं रक्त बाहेरच येतं असंही नाही. ते श्वासनलिकेत उतरलं की तिथेच त्याच्या गुठळ्या होतात, आणि ज्या फुफ्फुसाला जेमतेम सावरायला वेळ मिळालाय तेच पुन्हा बंद पडतं.

मी विचारलं, मग हेपारिन बंदच का करत नाही? तुम्ही म्हणालात, करणार आहे, पण काही तासांपुरतं, आणि त्या तासांत ऑक्सिजनेटरमध्ये गुठळी झाली तर ताईंचं फुफ्फुस बंद पडलं असं समजा. आणि मग ते वाक्य बोललात जे मी त्या रात्री फोनमध्ये लिहून ठेवलं: "ही ट्रॅकिओस्टॉमी त्यांना बरं वाटावं म्हणून आहे. आज नाही केली तर त्यांच्या जीवाला धोका नाही, आज केली तर आहे. मग घाई कोणासाठी करू?"

घाई माझ्यासाठी होती, मॅडम. तुम्ही ते बोलून दाखवलं नाहीत, पण मला कळलं.

एक गोष्ट मला फार नंतर वाचायला मिळाली. १९५२ साली कोपनहेगनमध्ये पोलिओची साथ आली. लोखंडी फुफ्फुसं म्हणत ती श्वास देणारी यंत्रं कमी पडली, आणि ब्योर्न इब्सेन नावाच्या भूलतज्ज्ञाने एका बारा वर्षांच्या मुलीच्या गळ्याला छिद्र करवून घेऊन, त्यातल्या नळीतून, हाताने पिशवी दाबून तिला श्वास दिला. पुढे दीड हजाराच्या आसपास विद्यार्थ्यांनी पाळीपाळीने बसून रुग्णांच्या पिशव्या दाबल्या. आजचं आयसीयू तिथून सुरू झालं असं मानतात. वाचताना मला सारखं वाटत होतं की ते विद्यार्थी माझ्या ओळखीचे आहेत. रात्री दोन वाजता टॉर्च घेऊन ऑक्सिजनेटरचा कोपरा न् कोपरा गुठळीसाठी तपासणारा तो पर्फ्युजनिस्ट, म्हणजे एक्मो यंत्र सांभाळणारा, मुलगा त्यांच्यातलाच एक.

तेराव्या दिवशी प्लेटलेट्सच्या पिशव्या चढवून झाल्या, आकडा सत्तर हजारांच्या वर गेला, हेपारिन चार तास आधी बंद केलं, आणि ताईंना कुठेही न हलवता त्याच पलंगावर तुम्ही ते केलंत. आधी सोनोग्राफीने मानेतल्या रक्तवाहिन्या बघून घेतल्या, वरून दुर्बीण घालून आतून नजर ठेवली, सुई, तार, मग छिद्र हळूहळू रुंद करणारा डायलेटर, आणि नळी. चाकूची चीर दीड सेंटिमीटरची. चीर लहान ठेवली की नळी घट्ट बसते आणि कडेचं रक्त तिच्याच दाबाने थांबतं, हे तुम्ही बाहेर येऊन सांगितलंत. मानेतली एखादी शीर उघडी राहिली तर यंत्राच्या ओढीने हवा रक्तात शिरू शकते, त्यासाठी काय काळजी घेतली तेही सांगितलंत. ते ऐकल्यावर मी भिंतीला टेकलो. झाल्यावर सांगितलंत ते बरं केलंत.

त्या रात्री रक्त आलंच. फार नाही, पण गळ्याखालचं गॉज दोनदा भिजलं. रात्रपाळीच्या सिस्टरनी रक्त थांबवणाऱ्या औषधात भिजवलेलं गॉज नळीभोवती बसवलं आणि पहाटेपर्यंत दर पंधरा मिनिटांनी बघत राहिल्या. नळीची पट्टी बांधताना ती मानेतल्या एक्मोच्या नळीवर दाबली जाऊ नये म्हणून त्यांनी मध्ये कापसाची घडी ठेवली होती. तुम्ही घरून दोनदा फोन केलात आणि हेपारिन सकाळपर्यंत सुरू करू दिलं नाहीत. सकाळी दुर्बिणीतून एक गुठळी काढलीत, काळी, करंगळीच्या पेराएवढी. ती बघून मला बाराव्या दिवशीचे अडतीस हजार आठवले. तेव्हा केलं असतं तर काय झालं असतं, हे तुम्ही मला कधीच ऐकवलं नाहीत. मीच ते रोज मनात म्हणतो.

सोळाव्या दिवशी ताईंनी डोळे उघडून माझ्याकडे बघितलं. नुसते उघडले नाहीत, बघितलं. आवाज नव्हता, कारण नळीभोवतीचा फुगा, ज्याला कफ म्हणतात, तो फुगवलेला असला की हवा स्वरयंत्रापर्यंत जातच नाही. हे तुम्ही आधी सांगून ठेवलं होतं म्हणून आम्ही घाबरलो नाही. ओठ हलत होते, ते आम्हाला वाचता येत नव्हते. मग सिस्टरनी मुळाक्षरांचा तक्ता आणला. ताईंचं बोट 'द' वर गेलं, मग कान्यावर, मग 'ढ' वर, आणि तिथेच गळून पडलं. दाढ. अकरा-बारा दिवस तोंडात नळी होती, दाढ दुखत असणार. सिस्टरनी टॉर्च लावून सगळं तोंड तपासलं. ताई मान हलवत राहिल्या, नाही, नाही. मग त्यांनी हात उचलला, फार कष्टाने उचलला, आणि माझ्या हनुवटीला लावला. दाढी. सोळा दिवसांची वाढलेली माझी दाढी. एक्मोवर असलेल्या माझ्या बहिणीला मी दाढी करून यायला हवा होतो.

मी बाहेर जाऊन रडलो, आणि संध्याकाळी दाढी करून आलो.

त्यानंतरचं सगळं मी भराभर लिहितो, कारण ते चांगलं आहे आणि चांगल्याला फार शब्द लागत नाहीत. पाच जणांनी मिळून त्यांना पलंगाच्या कडेला बसवलं, एकाचा हात गळ्याच्या नळीवर, एकाचा मांडीच्या. सत्ताविसाव्या दिवशी एक्मो निघालं. मग गळ्याच्या नळीच्या तोंडावर बसणारा, श्वास फक्त आत जाऊ देणारा बोलण्याचा व्हॉल्व्ह आला. तो लावण्याआधी कफ पूर्ण रिकामा करायचा, नाहीतर घेतलेला श्वास बाहेर पडायला वाटच राहत नाही, हे इन्चार्ज सिस्टरनी माझ्याकडून तीनदा वदवून घेतलं. हा व्हॉल्व्ह डेव्हिड म्यूर या स्वतः व्हेंटिलेटरवर असलेल्या तरुणाने तयार केला, हे त्यांच्याकडूनच कळलं. आवाज आला तो घोगरा, दोन शब्दांनंतर दम लागणारा, पण ताईंचाच. एक्केचाळिसाव्या दिवशी गळ्यातली नळीही निघाली आणि छिद्र दहा-बारा दिवसांत आपोआप बुजलं. आता तिथे आडवा, थोडा आत गेलेला व्रण आहे. ताई तो झाकत नाहीत.

मॅडम, सोबत एक पाकीट पाठवतोय. तुमच्या वॉर्डातल्या तक्त्यावरचा 'ढ' खालून फाटला होता, ते माझ्या लक्षात राहिलं. नवे चार तक्ते करून घेतले आहेत, पुसता येतील असे, अक्षरं मोठी, कारण जागं झाल्यावर काही दिवस ताईंना सगळं धूसर दिसत होतं. मागच्या बाजूला पूर्ण वाक्यं आहेत. ती ताईंनी सांगितली तशीच्या तशी लिहिली आहेत. 'सक्शन हवं.' 'कूस बदला.' 'नळीपाशी दुखतंय.' 'दिवा बंद करा.' 'आज वार कोणता?' 'माझं काय झालंय ते मला सांगा.' शेवटचं वाक्य सगळ्यात वर, मोठ्या अक्षरांत हवं, असा त्यांचा आग्रह होता. ते तसंच केलं आहे.

तुमचा नम्र,
सहा नंबरच्या ताईंचा भाऊ