गामिनीतला गडी

ती. बाबा आणि आई,
सा. न.

हे सगळं फोनवरच बोलले असते. पण मी हाताचं विचारलं की बाबांच्या फोनची रेंज नेमकी तेव्हाच जाते, म्हणून पत्र. आई, तू वाचून दाखव. चष्मा सापडत नाही ही सबब चालणार नाही.

मोरीत पाय घसरून पडलात, ते मला सहा दिवसांनी कळलं. तेही आईच्या तोंडून चुकून निघालं म्हणून. "मुका मार आहे, हळद लावली की उतरेल." आणि त्या सहा दिवसांत म्हशीची धार डाव्या हाताने काढलीत! आई, हे सांगताना तुझा सूर तक्रारीचा होता की कौतुकाचा, मला कळेना. शेवटी एक्स-रे निघाला, मनगटाचं हाड मोडलेलं दिसलं आणि प्लास्टर बसलं. बाबा, तुमच्या लेकीचं दिवसभराचं काम म्हणजे मोडून जुळलेल्या हातांना पुन्हा वळण लावणं, आणि तुम्ही तिच्यापासूनच हात लपवलात.

खरं तर रागाने चार ओळी लिहून पाठवणार होते. पण परवा मनगट मोडलेले एक आजोबा व्यायामाला आले, तुमच्याच वयाचे. दुखतंय का विचारलं तर म्हणाले, प्रेस्कॉटला दुखलं नव्हतं, मला कसं दुखेल? इंग्लंडमधल्या या सेंट हेलन्समध्ये हे नाव मी कितव्यांदा ऐकलं कोण जाणे. जेवायच्या सुट्टीत तो माणूस कोण ते आजोबांकडून नीट ऐकून घेतलं, घरी येऊन बरंच वाचलं, आणि वाचता वाचता सारखे तुम्हीच डोळ्यांसमोर येत राहिलात.

आधी इथला खेळ सांगते. बाबा, तुम्ही मागे टीव्हीवर बघून "हे काय, अंडाकृती चेंडू घेऊन कबड्डी" म्हणाला होतात. बरोबरच होतं ते. रग्बी लीगमध्ये तेरा गडी. चेंडू घेऊन पळणाऱ्याला समोरच्यांनी पकडून पाडायचं. तो उठून चेंडू पायाने मागे सारतो आणि दुसरा गडी चढाईला निघतो. पलीकडच्या रेषेपार चेंडू टेकवला की ट्राय. हा खेळ जन्मला खाड्याच्या पैशांवरून. उत्तर इंग्लंडमधले खाणीतले आणि गिरण्यांतले कामगार शनिवारी खेळायला गेले की त्यांची मजुरी बुडायची. ती भरून द्या, असं इथले क्लब म्हणत होते, आणि रग्बीचे वरचे लोक तयार नव्हते. २९ ऑगस्ट १८९५ ला हडर्सफील्डच्या जॉर्ज हॉटेलात हे क्लब जमले आणि त्यांनी वेगळी चूल मांडली. सुरुवातीच्या २२ क्लबांत सेंट हेलन्स होता. गाव काचेच्या कारखान्यांचं आणि कोळशाचं. इथली माणसं अजून अशी बोलतात, जणू तो खाडा परवाच बुडालाय.

अ‍ॅलन प्रेस्कॉट जन्मला १९२७ साली, जवळच्या विडनेसमध्ये. तेही रसायनांच्या कारखान्यांचं गाव. सुरुवातीला तो हॅलिफॅक्सकडून विंगवर खेळायचा. विंगवरचा गडी म्हणजे कडेने सुसाट पळणारा. १९४९ मध्ये सेंट हेलन्सने त्याला घेतलं आणि पुढे तो प्रॉप झाला. प्रॉप म्हणजे स्क्रममध्ये, दोन्ही संघांचे गडी एकमेकांना भिडून रेटतात तिथे, सगळ्यात पुढे खांदा लावून भार झेलणारा. तुमच्या भाषेत सांगायचं तर चढाईच्या गड्याला कोणीतरी पकडीत उभं केलं. तुमचंही असंच झालं होतं ना? तुम्ही सांगायचात, वजन वाढलं आणि वस्तादांनी कोपऱ्यात उभं केलं, त्या रात्री जेवला नव्हतात. प्रेस्कॉट त्या रात्री जेवला का, हे कुठे लिहिलेलं नाही. पण पळणाऱ्याचे पाय त्याचे प्रॉप झाल्यावरही राहिले, आणि एवढा धिप्पाड माणूस असा पळतोय हे समोरच्यांच्या गळी उतरत नसे.

चॅलेंज कप हा इथला मोठा मान. सेंट हेलन्स क्लब १८७३ चा. १८९७, १९१५, १९३० आणि १९५३ अशा चार अंतिम सामन्यांत हरलेला. त्यातला १९३० चा पराभव तर विडनेसकडून, प्रेस्कॉटच्याच गावाकडून. १९५६ मध्ये वेम्बलीला समोर आलं हॅलिफॅक्स, त्याचा जुना क्लब. सेंट हेलन्सने १३-२ असा पहिल्यांदा कप जिंकला. कप्तान प्रेस्कॉट, एक ट्राय त्याचा, आणि सामन्यातल्या सर्वोत्तम खेळाडूची लान्स टॉड ट्रॉफीही त्यालाच. त्या संघाचा प्रशिक्षक होता जिम सलिव्हन, वेल्सचा जुना नामांकित खेळाडू. प्रेस्कॉट त्याच्या हाताखाली शिकला आणि १९५९ मध्ये त्याच्याच जागी प्रशिक्षक झाला. पण त्याच्या आदल्या वर्षी जे घडलं, त्यावरच हे गाव जगतं.

१९५८ ला ग्रेट ब्रिटनचा संघ ऑस्ट्रेलियाला गेला. कप्तान प्रेस्कॉट, वय ३१. सिडनीची पहिली कसोटी २५-८ ने हरले. दुसरी ५ जुलैला ब्रिस्बेनला. ती हरली असती तर मालिका गेली असती. बाबा, यांच्यातही मालिकेला अ‍ॅशेसच म्हणतात, क्रिकेटवाल्यांच्या मक्तेदारीला धक्का.

पहिल्या चार मिनिटांतच प्रेस्कॉटचा उजवा हात मोडला. कोपर आणि मनगटाच्या मधे. थोड्या वेळाने डेव्ह बोल्टनचं गळ्याजवळचं हाड मोडलं, तो बाहेर गेला तो गेलाच. आणखी तिघे जखमी होऊन कसेबसे मैदानात उभे, त्यातला व्हिन्स करेलियस पाठीने हैराण. आणि बदली खेळाडू नाही. तसा नियमच नव्हता! जो उतरला त्याने ऐंशी मिनिटं खेळायचं, बाहेर पडला तर संघ तितक्या गड्यांनी कमी.

हे वाचलं आणि तुम्ही आठवलात. लहानपणी अंगणात रेघा ओढून तुम्ही कबड्डीचे जुने प्रकार समजावायचात. संजीवनीत समोरचा गडी मारला की आपला बाद झालेला जिवंत होऊन परत येतो. गामिनीत तसं नाही, बाद झाला तो सगळा संघ गारद होईपर्यंत बाहेर. तुम्ही म्हणायचात, खरी कबड्डी गामिनी. ब्रिस्बेनला त्या दिवशी गामिनीच चालली होती.

मध्यंतराला ब्रिटन १०-२ ने पुढे होतं. डॉक्टरांनी प्रेस्कॉटला सांगितलं, पुन्हा उतरू नका. तो उतरला. लोंबकळणारा उजवा हात अंगाशी धरून, डाव्या हाताने माणसं अडवत आणि चेंडू साथीदारांकडे देत. बोल्टनच्या जागी करेलियसला खेळवलं. त्याच्या शेजारी १९ वर्षांचा अ‍ॅलेक्स मर्फी, तोही सेंट हेलन्सचाच. शेवटी २५-१८ ने जिंकले. तिसरी कसोटी ४०-१७ ने जिंकून मालिका खिशात घातली, पण त्या सामन्यात प्रेस्कॉट अर्थातच नव्हता. ब्रिस्बेनच्या त्या सामन्याला इथे आजही प्रेस्कॉटचा सामना म्हणतात.

आजोबा हे सांगताना प्लास्टर निघालेला स्वतःचा हात मांडीवर ठेवून डाव्या हाताने हवेत टॅकल करून दाखवत होते. माझ्या अंगावर काटा आला, पण त्यांना वाटला त्या कारणाने नाही. मोडक्या हाडाची टोकं किती धारदार असतात, शेजारून शीर आणि नस कशी जाते, हे मला रोज दिसतं. सत्तर-पंचाहत्तर मिनिटं तसा हात घेऊन धक्के खायचे? नशीब बलवत्तर, दुसरं काय. आपल्याकडे तानाजीने ढाल तुटल्यावर हाताला शेला गुंडाळला, तो पोवाडा तुम्ही म्हणायला लागलात की मी अजून रडते. पण तानाजीच्या समोर उदेभान होता. प्रेस्कॉटच्या समोर एक नियम होता, आणि तो नियम माणसांनी कागदावर लिहिलेला होता. सहा वर्षांनी, १९६४ मध्ये, तो बदलला. मध्यंतरापर्यंत जखमी झालेल्याच्या जागी बदली खेळाडू आणायची मुभा मिळाली, आणि १९६९ पासून तर कुठल्याही कारणाने. मला ही गोष्ट त्या विजयाहून मोठी वाटते. आजोबांना तसं म्हटलं, तर ते माझ्याकडे बघतच राहिले.

आणि बघा ना, बुडालेल्या मजुरीचे पैसे मागत उभा राहिलेला खेळ, त्यालाच मोडलेल्या हाताची सोय करायला जवळजवळ सत्तर वर्षं लागली.

प्रशिक्षक म्हणूनही प्रेस्कॉटने गाव खूश ठेवलं. १९६१ च्या चॅलेंज कपच्या अंतिम सामन्यात समोर विगन, म्हणजे पिढीजात वैर. वेम्बलीवर नव्वद हजारांवर माणसं. दक्षिण आफ्रिकेहून आणलेला टॉम व्हान व्होलनहोव्हन आणि केन लार्ज या दोघांनी आपल्या अर्ध्यातून चेंडू एकमेकांकडे देत-घेत जो ट्राय केला, तो दवाखान्यातल्या निम्म्या म्हाताऱ्यांनी मला पेन आणि पाण्याची बाटली मांडून दाखवलाय. १२-६ ने जिंकले. त्या दिवशी प्रेस्कॉट कडेला बसून होता, दोन धड हात घेऊन. पुढे तो शेजारच्या ली या गावच्या क्लबकडे प्रशिक्षक म्हणून गेला, १९९८ मध्ये वारला. वेम्बलीबाहेर रग्बी लीगवाल्या पाच जणांचा पुतळा आहे, त्यात तो पोरसवदा मर्फी आहे. प्रेस्कॉट नाही. आजोबांचा त्यावर फार राग आहे आणि या बाबतीत मी त्यांच्या बाजूची आहे.

आता मुद्द्याचं. बाबा, तुमची चाळीस वर्षं गामिनीत गेली हे मला माहीत आहे. आपले आजोबा गेले तेव्हा काका शाळेत होते, शेताला दुसरं माणूस नव्हतं, आणि खांदा निखळलेला असताना तुम्ही ऊस तोडलात हे आईने सांगितलंय. तेव्हा बदली गडी नव्हता. पण आता काका शेजारी राहतात, दादा रोज संध्याकाळी येतो, आणि त्याच्या पोराला म्हशीची धार काढायची इतकी हौस आहे की व्हिडिओ काढून मला पाठवतो. त्याला मैदानात उतरू द्या. म्हैस लाथ मारेल म्हणता, मारू दे एकदा. तुम्हालाही मारली होती.

आई, हे तुझ्यासाठी. हात छातीच्या वर राहील असा उशीवर ठेवायला लाव, झोपतानाही. बोटं तासातासाला मिटायची आणि उघडायची, खांदा वर उचलायचा, नाहीतर प्लास्टर निघेल तेव्हा खांदा आखडलेला असेल. बोटं निळसर दिसली, सुन्न पडली, किंवा प्लास्टर आवळतंय म्हणाले तर सकाळची वाट बघू नका, लगेच दवाखाना. ते स्वतः म्हणणार नाहीत, तू बोटं बघ. प्लास्टरमध्ये विणायची सुई घालून खाजवायचं नाही, त्यांनी घातली असणारच. या वयात साध्या पडण्याने मनगट मोडलं म्हणजे हाडं किती ठिसूळ झाली आहेत तेही तपासायला हवं. डॉक्टरांना हाडांच्या घनतेची तपासणी लिहून मागा, आणि तुझीही करून घे. तू मधेच "मला काय झालंय" म्हणशील, म्हणून आधीच लिहिते.

एक्स-रेचा फोटो दादाने पाठवला तो ट्यूबलाइटच्या उजेडात काढलाय, त्यात हाडापेक्षा ट्यूबच जास्त दिसते. सकाळी खिडकीच्या काचेला धरून, फ्लॅश बंद करून पुन्हा काढायला सांग. समोरून एक आणि बाजूने एक.

तुमची,
बाळी