दोन फुटांसाठी अडलेलं जोतं

संपादक साहेब, नमस्कार.

सातारा जिल्ह्यातल्या आमच्या गावी घराचं काम काढलं त्याला आता दीड वर्ष होईल, आणि घर अजून जोत्याच्याही खालीच आहे. कारण काय तर दोन फूट जागा.

मी पुण्यात नोकरीला, आई-वडील गावी, जुनं घर गळायला लागलं म्हणून गावठाणाला लागून आमचा गट आहे तिथे बांधायचं ठरलं. पंचायतीची परवानगी, प्लॅन, बँकेचं लोन सगळं रीतसर केलं, फक्त मोजणी केली नाही. चूक आमचीच. वडील म्हणाले बांध आजोबांपासून तिथंच आहे, आणि शेजारचे तात्या काय परके आहेत का, माझ्या लग्नात पंगतीला वाढत होते. मोजणी मागितली असती तर त्यांना वाईट वाटलं असतं म्हणे.

खड्डे झाले, स्टील बांधून झालं, आणि एका सकाळी तात्या येऊन मागच्या खड्ड्याच्या कडेला बसले. "दोन फूट माझ्यात आलाय, मोजणी आण मग काय ते कर." गवंड्यानं थापी खाली ठेवली ती ठेवलीच. सिमेंटची 40 पोती दगड झाली, स्टीलला गंज चढला, आणि बँकेनं जेवढे पैसे दिलेत त्याचं व्याज मात्र दर महिन्याला न चुकता कापलं जातंय.

मग जास्त फीची द्रुतगती मोजणी भरली. भूमापक रोव्हर (उपग्रहाच्या मदतीनं जागा मोजायचं यंत्र) घेऊन आले, माणूस चांगला होता, काम तासाभरात केलं. पण खुणा कशाच्या, तर चुना आणि लाकडी खुंट्या! चार दिवसांत पाऊस झाला, चुना गेला, खुंट्या कोणी काढल्या देव जाणे (मी कुणाचं नाव घेत नाही). मोजणीचा नकाशा, म्हणजे 'क' प्रत, हातात पडायला आणखी दोन महिने गेले. नकाशावर रेघ एकदम स्वच्छ, पण जमिनीवर ती कुठनं जाते हे दाखवणारं काहीच शिल्लक नाही.

आणि त्या रेघेनं दोघांचीही पंचाईत केली. मागच्या बाजूला आमचे दोन कॉलम त्यांच्यात, तर पुढं रस्त्याकडं त्यांच्या गोठ्याची भिंत आमच्यात. म्हणजे बांधच तिरका. दरवर्षी नांगराचा एकेक तास इकडं तिकडं होत गेला असणार, दोन्हीकडून. गावातल्या एका रिटायर भूमापक काकांनी भारी गोष्ट सांगितली, की जुनी टिपणं, म्हणजे पूर्वीच्या मोजणीच्या नोंदी, साखळी आणि आण्यात आहेत, 33 फुटांची साखळी, तिचे 16 आणे, म्हणजे एक आणा झाला दोन फूट पाऊण इंच. कुणी एक आणा इकडचा तिकडं वाचला की झालं तुमचं भांडण तयार! आमचं तसंच झालं असेल असं नाही, पण दीड वर्षाचं भांडण एका आण्याचं निघालं हे ऐकून हसावं का रडावं कळेना.

तात्यांना मोजणी मान्य नाही, त्यांनी निमताना मोजणी, म्हणजे आधीच्या मोजणीवर हरकत घेऊन होणारी फेरमोजणी, भरलीय. त्यांचा तो हक्क आहे, तक्रार नाही. वकील म्हणतो मनाई हुकूम आला तर दिवाणी कोर्टात वर्षं जातील, आणि मोजणी फक्त हद्द दाखवते, कब्जा कुणाचा हे कोर्टच ठरवणार.

माझं म्हणणं एवढंच आहे, की मोजणीच्या दिवशीच, दोन्ही पार्ट्या आणि पंच उभे असताना, दगड नाहीतर सिमेंटचे खांब रोवलेच पाहिजेत, फोटो काढून दोघांना दिला पाहिजे, खर्च अर्जदाराकडून घ्या ना. 1966 च्या जमीन महसूल संहितेत हद्दीच्या खुणा जपायची जबाबदारी जमीनमालकावर टाकलीय, पण जपायला आधी खूण तर पाहिजे. आणि पंचायतीनं बांधकाम परवानगी देताना 'क' प्रत मागावीच. मागितली असती तर वडिलांना तात्यांसमोर संकोचही झाला नसता, पंचायतच मागतीय म्हणून सांगता आलं असतं.

निमतान्याची तारीख पुढच्या महिन्यात लागलीय. मी चार सिमेंटचे खांब आत्ताच ओतून ठेवलेत. परवा तात्यांना म्हणलं, रोवताना खांब तुम्हीच धरा. हो म्हणाले नाहीत, पण चहा मात्र घेतला.

– एक वाचक, जि. सातारा