लेक प्लॅसिडची उडी बातमीत का नव्हती?

मा. संपादक,
स. न. वि. वि.

हिवाळी ऑलिंपिकच्या पंधरवड्यात आपल्या क्रीडा पानावर फिगर स्केटिंगला चांगली जागा मिळते. छायाचित्रे मोठी असतात, खेळाडूंची नावेही बहुतेक वेळा नीट छापलेली असतात. त्याबद्दल आभारच मानते. माझी तक्रार आहे ती दोन ऑलिंपिकच्या मधल्या काळाबद्दल. जागतिक अजिंक्यपद आणि फार तर ग्रां प्री या निमंत्रितांच्या मालिकेची अंतिम फेरी एवढे वगळले तर हा खेळ पानावरून गायबच होतो. त्यात अलीकडे एका वृत्तात चॅलेंजर मालिकेतल्या, म्हणजे ग्रां प्रीच्या खालच्या पायरीवरच्या आंतरराष्ट्रीय स्पर्धेला ‘सरावाची स्पर्धा’ म्हटलेले वाचले, आणि हे पत्र लिहायला बसले.

फेब्रुवारी २०२२ मधले बीजिंग ऑलिंपिक आठवा. दोन वेळचा ऑलिंपिक विजेता युझुरू हान्यू याने फ्री स्केटच्या, म्हणजे दुसऱ्या आणि मोठ्या फेरीच्या, सुरुवातीलाच चौपट ॲक्सल मारायचा प्रयत्न केला आणि तो पडला. ॲक्सल ही एकच उडी खेळाडू पुढे तोंड करून घेतो, त्यामुळे तिला अर्धा फेरा जास्त लागतो. म्हणजे हवेत साडेचार फेरे. त्या प्रयत्नाची बातमी जगभर झाली आणि ती व्हायलाच हवी होती. पण तीच उडी पुढे सात महिन्यांनी, १४ सप्टेंबर २०२२ रोजी, इल्या मालिनिन या सतरा वर्षांच्या अमेरिकन मुलाने निर्दोष मारली. स्पर्धेत मान्य झालेली ती इतिहासातली पहिली चौपट ॲक्सल. ती कुठे झाली? न्यू यॉर्क राज्यातल्या लेक प्लॅसिड गावात, ‘यू. एस. इंटरनॅशनल क्लासिक’ या चॅलेंजर मालिकेतल्या स्पर्धेत. त्याच वर्षीच्या जानेवारीत राष्ट्रीय स्पर्धेत दुसरा येऊनही या मुलाला बीजिंगच्या संघात घेतले नव्हते, राखीव ठेवले होते. दुसऱ्या दिवशी आपल्या पानावर मी ती बातमी शोधली. एक ओळही नव्हती.

माझी सगळी नोकरी लेखापरीक्षणात गेली, म्हणून असेल, पण मला या खेळातले सर्वांत बोलके काही वाटत असेल तर ते स्पर्धेनंतर प्रसिद्ध होणारे गुणांचे तक्ते. प्रत्येक उडी, प्रत्येक गिरकी, प्रत्येक पदन्यासाची एक ओळ. आधी घटकाचे नाव, मग एखादी खूण, मग मूळ किंमत, मग प्रत्येक परीक्षकाने उणे पाच ते अधिक पाच यांमध्ये दिलेला शेरा. बीजिंगच्या तक्त्यात हान्यूच्या ॲक्सलपुढे एक छोटा कोन काढलेला आहे. त्याचा अर्थ, फेरा पाव भागापेक्षा जास्त अपुरा राहिला. अशा उडीला मूळ किमतीच्या ऐंशी टक्केच मिळतात, म्हणजे १२.५० च्या जागी १०. लेक प्लॅसिडच्या तक्त्यात मालिनिनच्या ॲक्सलपुढची ती जागा कोरी आहे. ना कोन, ना फेरा नेमका पाव भाग कमी पडल्याची ‘क्यू’ची खूण. तांत्रिक पॅनेलने उडी संथगतीत तपासली आणि पूर्ण साडेबारा गुणांची धरली. माझ्या दृष्टीने ती कोरी जागा ही त्या वर्षातली क्रीडाक्षेत्रातली एक मोठी बातमी होती.

हे एकदाच घडले असते तर मी एवढे ताणून धरले नसते. चौपट लूप ही उडीसुद्धा स्पर्धेत पहिल्यांदा मान्य झाली ती ३० सप्टेंबर २०१६ ला मॉन्ट्रियलच्या ‘ऑटम क्लासिक’ या चॅलेंजर मालिकेतल्याच स्पर्धेत. मारणारा हान्यूच. पुढच्या वर्षी त्याच स्पर्धेत त्याने शॉर्ट प्रोग्रॅममध्ये, म्हणजे पहिल्या छोट्या फेरीत, ११२.७२ गुणांचा विश्वविक्रम केला, आणि फ्री स्केटमध्ये इतका घसरला की स्पर्धा स्पेनच्या हावियेर फर्नांडेझने जिंकली. पाच महिन्यांनी प्याँगचांग ऑलिंपिकमध्ये या दोघांनी अनुक्रमे सुवर्ण आणि कांस्य मिळवले. मोठे खेळाडू इथे येतच नाहीत, असे जे म्हटले जाते ते म्हणूनच खरे नाही. नवा कार्यक्रम, नवे संगीत, नवी उडी पहिल्यांदा परीक्षकांपुढे ठेवायची ती इथेच. पण इथले परीक्षक खरे असतात, गुण खरे असतात आणि पडणेही खरेच असते. याला सराव कसे म्हणायचे?

थोडी पार्श्वभूमी देते. ग्रां प्रीच्या सहा स्पर्धा आणि एक अंतिम फेरी असते. तिथे नाव नोंदवून जाता येत नाही, आधीच्या कामगिरीवरून बोलावणे यावे लागते आणि एकेरीत प्रत्येक स्पर्धेत बाराच्या आसपास खेळाडू असतात. जगातले बाकीचे सगळे स्केटर कुठे खेळतात, तर या खालच्या पायरीवर. त्यांतल्या निवडक स्पर्धा एकत्र करून आंतरराष्ट्रीय स्केटिंग महासंघाने २०१४-१५ च्या हंगामापासून चॅलेंजर मालिका सुरू केली. जुने प्रेक्षक अजून त्यांना ‘सीनियर बी’च म्हणतात. त्यांच्याही खाली आणखी कितीतरी आंतरराष्ट्रीय स्पर्धा असतात, ज्यांची नावे त्या गावाबाहेर फारशी कोणी घेत नाही.

यांतल्या काही स्पर्धा ग्रां प्रीपेक्षाही जुन्या आहेत. जर्मनीतल्या ओबरस्टडॉर्फ या डोंगराळ गावातला नेबेलहॉर्न करंडक १९६९ पासूनचा, झाग्रेबची ‘गोल्डन स्पिन’ १९६७ पासूनची. ब्रातिस्लाव्हातली स्पर्धा १९७२ चा ऑलिंपिक विजेता ओंद्रेय नेपेला याच्या स्मरणार्थ होते. कझाकस्तानातली डेनिस तेनच्या नावाने होते. आपल्या देशाला फिगर स्केटिंगचे पहिले ऑलिंपिक पदक मिळवून देणाऱ्या या तरुणाची २०१८ मध्ये अल्माटी शहरात हत्या झाली. वयाने तो अवघा पंचवीस वर्षांचा होता. त्या स्पर्धेचा निकाल वाचताना मला त्याचे नाव दरवर्षी नव्याने लागते.

ओबरस्टडॉर्फबद्दल आणखी थोडे लिहायलाच हवे. २००२ च्या सॉल्ट लेक सिटी ऑलिंपिकमध्ये जोडी प्रकारात परीक्षकांच्या संगनमताचा गदारोळ झाला, दुसरे सुवर्णपदक द्यावे लागले आणि सहापैकी गुण देण्याची जुनी पद्धत मोडीत निघाली. तिच्या जागी आलेली, आज ऑलिंपिकमध्ये आपण पाहतो ती प्रत्येक घटकाचे वेगळे गुण देणारी पद्धत प्रथम वापरली गेली २००३ च्या नेबेलहॉर्न करंडकात. वर ज्या तक्त्यांबद्दल लिहिले त्यांचा जन्म तिथला आहे.

शिवाय २००९, २०१३, २०१७ आणि २०२१ मध्ये ऑलिंपिकच्या उरलेल्या जागा याच गावात ठरल्या. २०१८ च्या ऑलिंपिकसाठी एकेरीच्या तीस जागांपैकी चोवीस जागा जागतिक स्पर्धेतून ठरल्या होत्या आणि फक्त सहा इथे शिल्लक होत्या. मलेशियाच्या ज्युलियन यीने त्यांतली एक मिळवली. प्याँगचांगमध्ये तो शॉर्ट प्रोग्रॅमनंतर पंचविसावा राहिला आणि पुढे चोवीसच जण जातात. चार वर्षे आधी फिलिपिन्सचा मायकेल मार्टिनेझ याच वाटेने सोचीला पोचला होता आणि एकोणिसावा आला होता. उत्तर कोरियाची र्योम ते-ओक आणि किम जू-सिक ही जोडीही २०१७ ला इथेच पात्र ठरली. त्यांच्या देशाने मुदतीत होकार कळवला नाही म्हणून ती जागा गेली, मग ऑलिंपिक समितीने खास परवानगी दिली आणि ही जोडी जगभरच्या पहिल्या पानांवर झळकली. तेव्हा ती राजकारणाची बातमी होती. ओबरस्टडॉर्फच्या बर्फावर त्यांनी जे करून दाखवले होते ते कुठेच वाचायला मिळाले नाही.

आणि जे कधीच ऑलिंपिकला जाणार नाहीत त्यांचे काय? जागतिक अजिंक्यपदात उतरायला प्रत्येकाला ठरावीक किमान तांत्रिक गुण आधी मिळवावे लागतात, शॉर्टचे वेगळे आणि फ्रीचे वेगळे. ते वेगवेगळ्या स्पर्धांत मिळवले तरी चालतात, पण स्पर्धा महासंघाने मान्य केलेली आंतरराष्ट्रीय हवी. त्यासाठी खेळाडू शरदभर या गावातून त्या गावात फिरत असतात, बऱ्याचदा स्वतःच्या किंवा आईवडिलांच्या खर्चाने. थेट प्रक्षेपणात मी हे दृश्य वारंवार पाहते. सकाळचा पहिला गट, बाक रिकामे, प्रशिक्षक कठड्यावर दोन्ही हात टेकून उभा. मुलीची दुहेरी ॲक्सल डळमळते, शेवटच्या गिरकीत तिचा तोल जाता जाता राहतो. गुण लागतात आणि ती शेवटून तिसरी असते. तरी ती तोंडावर हात धरून रडायला लागते आणि प्रशिक्षक तिला घट्ट मिठी मारतो. कारण क्रमांकाकडे दोघांचेही लक्ष नसते. तांत्रिक गुणांचा आकडा हव्या त्या रेषेच्या वर गेलेला असतो. खेळ समजून पाहणाऱ्याला त्या दोघांचा आनंद सुवर्णपदकाइतकाच कळतो. निकालात फक्त विजेत्याचे नाव छापले तर तो कधीच दिसणार नाही.

इथले गुण कधी कधी सैल असतात, हेही लिहायला हवे. विशेषतः सादरीकरणाच्या गुणांत यजमान देशाच्या खेळाडूंना हात मोकळा सोडला जातो, असे माझे तक्ते वाचून झालेले मत आहे. म्हणून सप्टेंबरमधल्या मोठ्या आकड्यावरून मार्चमधल्या पदकाचे भाकीत कोणी करू नये. पण सैल गुण हे बातमी न देण्याचे कारण होऊ शकत नाही. उलट जाणत्या क्रीडा पत्रकाराने त्यावरच लिहावे, तक्ता समोर ठेवून लिहावे.

जागेची अडचण मला कळते. मी अर्धे पान मागत नाही. ऑगस्टपासून डिसेंबरपर्यंत जवळजवळ दर आठवड्याला यांतली एखादी स्पर्धा असते आणि निकाल त्याच रात्री उपलब्ध होतात. स्पर्धेचे नाव, गाव, चारही प्रकारांतले (पुरुष, महिला, जोडी आणि आइस डान्स) विजेते आणि त्या आठवड्यात बर्फावर खरोखर काही नवे घडले असेल तर त्याची एक ओळ, एवढे सोमवारच्या अंकात सहज मावेल. नेबेलहॉर्न करंडक सहसा सप्टेंबरच्या अखेरीस असतो. सुरुवात तिथून करावी, ही विनंती.

आपली नम्र,
एक जुनी वाचक