आत्याच्या सहीबद्दल

म्युनिक, १२ ऑक्टोबर

ती. बाबांस सा. न. वि. वि.

काल तुम्ही सहज बोलून गेलात, दिवाळीत आत्या आली की वाईच्या घराच्या हक्कसोडपत्रावर सही घेऊन टाकू, दुय्यम निबंधकाकडे नोंदणीही उरकू. शेजारी काका होते म्हणून मी गप्प बसले. एरवीही फोनवर तुमच्याशी वाद घालता येत नाही. "ठेवतो" म्हणता नि ठेवता. म्हणून हे पत्र.

आत्या सही करेलच. "मला काय करायचंय, भाऊ, माझं बरं चाललंय," असंही म्हणेल. किती बरं चाललंय ते आईला विचारा. नाही म्हटलं तर माहेर तुटेल, ही धास्ती आहे तिला. आली की पिशवी खांद्यावरून उतरवायच्या आधी स्वयंपाकघरात शिरते, विळीवर बसून करंज्यांचं खोबरं खोवते. जायच्या आदल्या दिवशी स्टूल घेऊन आजीचे फळीवरचे पितळी डबे पुसते. कुणी सांगत नाही तिला. आणि भाऊबीजेला तिच्या ताटात पाचशेची नोट टाकून लगेच हा कागद पुढे करायचा? मला नाही पटत.

कायद्याचं म्हणाल, तर आजोबांनी मृत्युपत्र केलं नव्हतं. वाईचं घर त्यांच्या स्वकष्टाचं धरलं, तर १९५६ च्या हिंदू वारसा कायद्याने तिचा वाटा तुमच्या नि काकांच्या बरोबरीचा. वडिलोपार्जित धरलं आणि वाटणी तर आपल्याकडे झालेलीच नाही, तर २००५ च्या दुरुस्तीने मुलगीही जन्मानेच हिस्सेदार. दुरुस्तीच्या वेळी वडील हयात हवेत का, हा घोळसुद्धा सर्वोच्च न्यायालयाने ऑगस्ट २०२० मध्ये मिटवलाय. लग्नात दिलेलं सोनं यात वळतं होत नाही, हे काकांना सांगा.

तेव्हा दिवाळीआधी एकदा कऱ्हाडला जाऊन या. एकटे जा, वकील नको. तिचा वाटा किती होतो ते आकड्यात सांगा आणि विचार करायला वेळ द्या. त्यानंतर तिने आपखुशीने सोडला, तर माझं काही म्हणणं नाही. पैसे हवे म्हणाली तर तुम्ही दोघं मिळून द्या. माझ्याकडून होईल तेवढं मीही पाठवीन.

उद्या असाच कागद माझ्यापुढेही येईल. मी काही हसत सही करणार नाही, हे दादाच्या कानावर आत्ताच घालून ठेवा.

पत्र काकांनाही वाचू द्या. आईला म्हणावं, भाजणी पाठव, इथली संपली.

तुमची,
मनू