तलांक शंभरचा, फुगवटा त्याच्या वर

महोदय,

तेलंगणाने गोदावरीवर बांधलेल्या मेडीगड्डा बॅरेजच्या दुरुस्तीचा विषय निघाला की बोलणे ऑक्टोबर २०२३ मध्ये खचलेल्या खांबांवरच थांबते. ते काम तेलंगणाचे. सिरोंचा तालुक्याच्या काठाचा प्रश्न वेगळा आहे, आणि ८५ दारे पुन्हा बंद करून पाणी अडवण्याआधी तो सुटायला हवा.

२३ ऑगस्ट २०१६ च्या करारात महाराष्ट्राने मेडीगड्डाला १०० मीटर, प्राणहितेवरच्या तुमडीहेटीला १४८ आणि पैनगंगेवरच्या चनाखा-कोरटाला २१३ मीटर तलांक, म्हणजे समुद्रसपाटीपासून मोजलेली पाण्याची पातळी, मान्य केला. १०० मीटरची समपातळी रेषा ओढायची आणि तिच्या खालची जमीन बुडीत धरायची, हा हिशेब थांबलेल्या पाण्याला लागू पडतो. पुराचे पाणी मात्र नदीच्या वरच्या अंगाला चढत जाते. समजा, पाण्याचा उतार किलोमीटरला १० सेंटीमीटर आहे. म्हणजे बॅरेजपासून १५ किलोमीटर वर पातळी दीड मीटरने जास्त. १०१ मीटरवरचे शेत कागदावर कोरडे, प्रत्यक्षात अर्धा मीटर पाण्याखाली. हाच फुगवटा. वर प्राणहिता आणि गोदावरी दोन्ही एकदम भरून आल्या की तो आणखी वाढतो.

दुसरे नुकसान पाणी उतरताना होते, आणि त्याची नोंद कुठेच होत नाही. पातळी काही तासांत खाली आणली की काठाच्या चिकण मातीत मुरलेले पाणी तितक्या लवकर बाहेर पडत नाही. ते आतून काठ ढकलते. आधी काठापासून दोन-तीन हात आत, नदीला समांतर, बोटभर भेग दिसते. मग कपाशीच्या ओळींसकट तो तुकडा खाली बसतो. सातबाऱ्यावर क्षेत्र तेवढेच राहते.

यावर मिळते ती आपत्तीची मदत. केंद्राच्या २०२२-२६ च्या निकषांत कोरडवाहू पिकाला हेक्टरी ८,५०० रुपये, तेही ३३ टक्क्यांवर नुकसान असेल तर. गाळ काढायला १८,०००, पण थर तीन इंचांहून जाड हवा. नदीने जमीनच नेली तर अल्पभूधारकाला ४७,०००. पंचनामा लांबला की ओला गाळ वाळून आकसतो आणि साडेतीन इंचांचा थर तीनच्या खाली येऊ शकतो. म्हणून पाणी ओसरताच शेतात तीन ठिकाणी जुन्या मातीपर्यंत खड्डा घ्यावा, फूटपट्टी उभी धरून गट क्रमांकाच्या पाटीसह फोटो काढावा आणि अर्जाची पोच घ्यावी.

पण ही मदत म्हणजे मोबदला नव्हे. धरणाच्या फुगवट्याने वारंवार बुडणारी जमीन २०१३ च्या भूसंपादन कायद्याखाली घ्यायला हवी. तिथे बाजारमूल्याला ठरलेल्या गुणांकाने गुणून येणाऱ्या मोबदल्यावर आणखी १०० टक्के दिलासा रक्कम आहे. दर पावसाळ्यात पंचनामे करत बसणे हा त्याला पर्याय नाही.

त्यासाठी दोन्ही राज्यांच्या पाटबंधारे खात्यांनी आणि भूमी अभिलेखने काठावर एकत्र मोजणी करावी. जुलै २०२२ च्या पुराच्या खुणा भिंतींवर, झाडांवर अजून सापडतील तिथे लेव्हल लावून त्यांचा तलांक काढावा आणि फुगवट्याच्या रेषेवर गटनिहाय दगड रोवावेत. नकाशा ग्रामपंचायतीत लावावा, मराठीत आणि तेलुगूतही. सीमेवरच्या अनेक घरांत तीच भाषा चालते. प्राणहितेवर टेकडा येथे केंद्रीय जल आयोगाचे मापन केंद्र आहे. तिथली पातळी किती झाली की किती दारे उघडायची आणि उतरताना तासाला किती सेंटीमीटरच सोडायचे, हे संचालन नियमात लिहून घ्यावे. उतरण्याच्या वेगाची मर्यादा आपणच मागितली पाहिजे, कारण या काठावरची माती आपली जाते.

तुमडीहेटीचा प्रस्ताव आता पुन्हा पुढे येतो आहे. पर्यावरण मंजुरीच्या २००६ च्या अधिसूचनेनुसार प्रकल्प एकाहून अधिक राज्यांत पसरला असेल तर जनसुनावणी प्रत्येक राज्यात, प्रत्येक जिल्ह्यात घ्यावी लागते. चामोर्शीच्या गावांनी त्या सुनावणीत १४८ चा आकडा ऐकून घेऊ नये; त्या आकड्याचा फुगवटा आपल्या कोणत्या गटापर्यंत येतो, तो नकाशा आधी मागावा.

– एक वाचक, सिरोंचा तालुका, जि. गडचिरोली