विषय: आरशात भविष्य दिसत नाही, ही माझी तक्रार नाही

प्रति,
व्यवस्थापक, ग्राहक तक्रार विभाग

तुमच्या कस्टमर केअरशी पाचवा कॉल आत्ताच संपला. संपला म्हणजे तिकडून कट झाला. म्हणून हे लेखी.

तुमचा तो आठ इंची काळा आरसा. 'अस्सल ऑब्सिडियन, हाताने पॉलिश केलेला', 3,850 रुपये. ऑब्सिडियन म्हणजे लाव्हा थिजून बनलेला काळा, काचेसारखा दगड. पार्सल नऊ दिवस उशिरा आलं, त्याबद्दल मी बोलतच नाहीये. आत निघाली ती रंगीत काच, मागे पारा लावलेली. दगड नाही. पेन्सिलीचं टोक टेकवून बघा. टोक आणि त्याचं प्रतिबिंब यांच्यात गव्हाचा दाणा मावेल एवढी फट दिसते, कारण प्रकाश मागच्या पाऱ्यावरून परत येतोय. ऑब्सिडियनमध्ये तो पुढच्याच पृष्ठभागावरून परततो, टोक टोकाला भिडतं. केरळातल्या आरनमुळ्याच्या धातूच्या आरशातही तसंच भिडतं. हे तुम्हाला माहीत असणारच, आरसे तुम्ही विकता.

आम्हाला तो नाटकासाठी हवा होता. नाटकातलं राज्य काल्पनिक आहे आणि तिथे दर्पणविद्या, म्हणजे आरशात भविष्य बघणं, हा सात वर्षांचा अभ्यासक्रम आहे. पहिली तीन वर्षं विद्यार्थ्याला आरशात बघूच देत नाहीत, नुसता पुसायला लावतात. परीक्षेच्या प्रवेशात एकच मेणबत्ती आणि काळा आरसा. तुमच्या आरशात ज्योती दोन दिसतात, एक ठळक, एक फिकट. आणि परीक्षा देणाऱ्या मुलीचा चेहरा इतका लख्ख दिसतो की तालमीत ती भविष्य सोडून टिकली नीट करत बसली.

आता चौथा कॉल. हा मी शब्दशः लिहून ठेवलाय.

मी म्हटलं, हा ऑब्सिडियन नाही, काच आहे. तुमचा प्रतिनिधी म्हणाला, "सर, ऑब्सिडियन म्हणजे ग्लासच असतो, गूगल करा." बरोबर आहे. पण ज्वालामुखी मागे पारा लावून देत नाही, असं मी म्हटलं. त्यावर शांतता. मग टाइप केल्याचा आवाज. मग, "सर, आरशात तुमचा चेहरा दिसतोय का?" हो. "मग प्रॉडक्ट वर्किंग आहे." मी पुन्हा पेन्सिलीचं सांगायला लागलो, तर मला तोडून, अगदी समजुतीच्या सुरात, आजारी माणसाशी बोलावं तसं: "काका, फ्यूचर दिसणं हे प्रत्येकाच्या श्रद्धेवर असतं. ते वॉरंटीमध्ये येत नाही."

काका! मी भविष्याचा भ शब्दही काढला नव्हता. दहा मिनिटांनी मेसेज आला: 'इश्यू: मिरर नॉट शोइंग फ्यूचर. स्टेटस: रिझॉल्व्ह्ड.'

आमच्या नाटकातल्या राज्यात बघणारा वेगळा आणि लिहून घेणारा वेगळा असा नियम आहे. तो मी जॉन डीवरून घेतला, म्हणजे सोळाव्या शतकातल्या इंग्लंडच्या एलिझाबेथ राणीच्या ज्योतिषावरून. त्याचा सोबती एडवर्ड केली बघायचा आणि डी नोंदी करायचा. तुमच्याकडे ऐकणारा एक आणि लिहिणारा दुसरा आहे हे उघड आहे, फक्त त्या दोघांची भेट झालेली दिसत नाही.

डीचा विषय निघालाच आहे तर आरशासोबत आलेली तुमची पुस्तिकाही बघा. तुम्ही छापलंय, 'जॉन डी यांचा प्राचीन इजिप्शियन आरसा'. डीचा म्हणून जो आरसा ब्रिटिश म्युझियममध्ये आहे त्याचा दगड मेक्सिकोतल्या पाचुकाचा, हे 2021 सालीच रासायनिक तपासणीतून प्रसिद्ध झालंय. तो अ‍ॅझ्टेकांचा आरसा आहे. पुढे, 'भर उन्हात ठेवून एक तास एकटक पाहा'. अहो, डोळे जातील कुणाचे तरी! हे मंद उजेडात करायचं असतं. चौदाव्या शतकात इब्न खल्दून या अरब इतिहासकाराने लिहून ठेवलंय की बघणाऱ्याला आरशाचा पृष्ठभाग दिसेनासा होतो आणि डोळ्यांपुढे धुक्यासारखा पडदा येतो. इटलीतल्या कापुतो नावाच्या संशोधकाने 2010 साली मंद दिव्यात लोकांना आरशासमोर बसवलं, तर मिनिटभरातच अनेकांना स्वतःच्या जागी अनोळखी चेहरे दिसायला लागले. विषयाला अभ्यास आहे. पाली ब्रह्मजाल सुत्तात, म्हणजे बुद्धाच्या एका प्रवचनात, आरशाला प्रश्न विचारण्याला 'आदासपञ्ह' असा स्वतंत्र शब्द आहे, तोही भिक्खूंनी करू नयेत अशा उद्योगांच्या यादीत. आणि तुमची पुस्तिका म्हणते, 'तीस दिवसांत भावी जोडीदार, गॅरंटी'. गॅरंटी पुस्तिकेत आहे आणि वॉरंटीत नाही, हे जरा समजावून सांगाल?

ती पुस्तिका मी अंनिसमधल्या एका मित्राला दाखवणार आहे. त्याला मजा येईल, तुम्हाला येणार नाही.

खरं तर वाईट वाटतं. दोन वर्षांपूर्वी तुमच्याकडूनच समया आणि पितळी घंगाळ घेतलं होतं, उत्तम होतं, दहा जणांना तुमचं नाव सांगितलं. आता त्या दहा जणांना पुन्हा फोन करावे लागतील.

पुन्हा सांगतो, म्हणजे या वेळी नोंद नीट होईल: वस्तू काच आहे, दगड म्हणून विकली. पूर्ण 3,850 रुपये परत आणि आरसा तुमच्या खर्चाने घेऊन जाणे. कूपन नको, 'गुडविल क्रेडिट' नको. पंधरा दिवसांत झालं नाही तर आधी 1915 ही राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइन आणि मग जिल्हा ग्राहक आयोग. पेन्सिल मी बरोबर नेईन.

आरसा मूळ खोक्यात बांधून ठेवलाय. पुस्तिका मात्र परत मिळणार नाही, ती मला पुराव्याला लागेल.

एक ग्राहक (काका नव्हे)