गांधीलमाश्यांच्या पोळ्यावर शेतातले औषध फवारू नका

मा. संपादक यांस,
सप्रेम नमस्कार.

उन्हाळा सरत आला की आमच्या औसा तालुक्यातील गावांत घरोघरी एकच तक्रार ऐकू येते. कुणाच्या दाराच्या चौकटीवर, कुणाच्या पत्र्याखालच्या अँगलला, तर कुणाच्या जुन्या माळवदाच्या तुळईला गांधीलमाश्यांनी पोळे धरलेले असते. त्यावर सर्रास होणारा उपाय मात्र पोळ्याहून घातक आहे. तुरी-सोयाबीनच्या फवारणीतून उरलेली बाटली काढायची, पंप भरायचा आणि घरातच फवारा मारायचा.

गेल्या वर्षी आमच्या गल्लीतील एका घरी रांजणावरच्या पोळ्यावर अशीच फवारणी झाली. निम्म्या माश्या उधळल्या आणि अंगणात खेळणाऱ्या नातवाला तीन ठिकाणी डसल्या. उरलेल्या खाली पडून तडफडत राहिल्या, त्या कोंबड्यांनी टिपल्या आणि संध्याकाळपर्यंत दोन कोंबड्या मेल्या. रांजणातले पाणी कुणी पिण्याआधी ओतून दिले, म्हणून निभावले. २०१७ साली यवतमाळ जिल्ह्यात फवारणीच्या विषबाधेने शेतकऱ्यांचे जीव गेले, तेही मोकळ्या रानात. आणि आपण कीटकनाशक चुलीपासून चार हातांवर उडवतो. चिंध्यांचा टेंभा लावून पोळे जाळणेही तितकेच वाईट, कारण आपल्याकडे घराला लागूनच कडब्याची गंजी असते.

खरे तर पोळे एका दिवसात मोठे होत नाही. एक किंवा मोजक्याच माद्या वाळक्या लाकडाचे तंतू चावून, त्यात लाळ कालवून कागदासारखा लगदा करतात आणि बारीक देठाला टांगलेल्या चार-सहा घरांनी सुरुवात करतात. (बंगळूरूच्या भारतीय विज्ञान संस्थेतील राघवेंद्र गदगकर यांनी याच कुळातील एका भारतीय माशीच्या समूहजीवनाचा कित्येक दशके अभ्यास केला आहे.) पहिली पिल्ले बाहेर पडेपर्यंत काही आठवडे जातात, आणि विषाशिवाय काम उरकण्याचा काळ तोच. आठवड्यातून एकदा चौकटी, पत्र्याची खालची बाजू, मीटरची पेटी आणि न वापरलेली खोली पाहावी. पोळे रुपयाच्या नाण्याएवढे असताना दिसले, तर पहाटे उजाडण्यापूर्वी, अंगभर कपडे घालून आणि डोक्या-तोंडाला उपरणे गुंडाळून, लांब काठीने ते साबणाच्या पाण्याच्या बादलीत पाडावे. साबणाचे पाणी माशीच्या श्वासछिद्रांत शिरते, त्यामुळे ती बुडते. बॅटरी हातात धरू नये, कारण माश्या उजेडाकडे झेपावतात; ती बाजूला जमिनीवर ठेवावी. शिडीवर चढून तर हे काम कधीच करू नये. उरलेला देठ खरवडून जागा पुसून घ्यावी आणि भिंतीतील फटी सिमेंटने बुजवाव्यात.

तळहाताहून मोठे झालेले पोळे स्वतः काढायला जाऊ नये. पोटावर पिवळा पट्टा असलेली मोठी तांबूस गांधीलमाशी भिंतीच्या पोकळीत किंवा जमिनीतल्या बिळात राहते; ते भोक बाहेरून बुजवले तर ती दुसरी वाट काढून घरात शिरण्याचा धोका असतो. अशा वेळी माहीतगार माणूस बोलवावा. आग्या मोहोळ हा तर पूर्ण वेगळा प्रकार आहे, त्याला दगड मारण्याचा किंवा धूर करण्याचा विचारही करू नये.

वाटेत नसलेले पोळे राहू द्यावे, असे माझे स्पष्ट मत आहे. गांधीलमाशी आपल्या पिल्लांना अळ्या चारते, म्हणजे ज्या अळीसाठी आपण औषधावर पैसे घालतो तीच ती फुकट वेचते. भिंतीवर मातीचे घर करणारी कुंभारीण तर माणसाच्या वाटेला जात नाही. कीर्तनात येणाऱ्या कीटक-भृंगी दृष्टान्तातील भृंगी बहुधा हीच. तिच्या घराला भोक पडलेले दिसले की पिल्लू उडून गेले असे समजावे आणि मग ते खुरप्याने खरवडावे.

मधमाशीचा काटा अंगात राहतो, गांधीलमाशीचा राहत नाही, त्यामुळे ती पुन्हा पुन्हा डसू शकते. डसल्यास आधी तेथून दूर व्हावे, जागा साबणाने धुवावी, गार पाण्याची पट्टी ठेवावी आणि हाताला डसली असेल तर सूज चढण्याआधी अंगठी-बांगड्या काढाव्यात. ओठ-चेहरा सुजणे, अंगभर गांधी उठणे, दम लागणे किंवा चक्कर येणे यांपैकी काहीही दिसले, किंवा एकाच वेळी अनेक माश्या डसल्या, तर लोखंड घासण्यात आणि चुना लावण्यात वेळ न दवडता १०८ ला फोन करावा.

माझी विनंती शाळांच्या बाबतीत आहे. मे महिनाभर वर्ग बंद असतात आणि त्या शांततेत खिडक्यांच्या झडपांमागे, शौचालयांच्या पत्र्याखाली पोळी वाढतात. जूनमध्ये पहिल्याच दिवशी मुलांचा हात तेथे जातो. म्हणून शाळा व्यवस्थापन समित्यांनी आणि अंगणवाडीताईंनी सुट्टीत निदान तीनदा वर्ग उघडून पाहणी करावी आणि गावपातळीवर त्याची नोंद ठेवावी. आमच्या गावच्या शाळेची पाहणी यंदा मी स्वतः करणार आहे, आणि पंचक्रोशीतील कुणी बोलावले तर माझी काठी व बादली घेऊन तेथेही येईन.

आपला,
एक निवृत्त शिक्षक
औसा तालुका, जि. लातूर